‘पोलीस आहे’ म्हणणाऱ्याची खात्री कशी करायची? नाशिकमध्ये नव्याने आलेल्यांसाठी आणि घरात ज्येष्ठ असलेल्या सगळ्यांसाठी

नाशिकला नोकरीसाठी, शिक्षणासाठी किंवा निवृत्तीनंतर राहायला आलात की पहिल्या वर्षात वर्दीशी कुठे ना कुठे गाठ पडतेच. घरमालक भाडेकरूची माहिती ठाण्यात द्यायला सांगतो, पासपोर्टची पडताळणी होते, द्वारका चौकात किंवा मुंबई नाक्यावर गाडी अडवली जाते. यातले बहुतेक प्रसंग खरे असतात आणि थोडक्यात मिटतात. तोतये शिरतात ते याच ओळखीच्या प्रसंगांच्या आडून.

माझ्या आत्याचे दागिने अशाच तोतया पोलिसांनी भरदिवसा, वाहत्या रस्त्यावर उतरवून घेतले. त्यानंतरचं ठाणं, पंचनामा, कोर्ट हे सगळं मी तिच्याबरोबर केलं. तेव्हापासून आमच्या भागातल्या ज्येष्ठांना आणि नव्याने आलेल्या भाडेकरूंना मी हे समजावून सांगत असते. तेच इथे क्रमाने लिहिते आहे. सगळं एका दमात वाचायला वेळ नसेल तर निदान पायरी 1, 2 आणि 8 आजच वाचा.

1. आधी एक नियम पक्का करा: खात्री त्याच्याकडून नाही, बाहेरून करायची

वर्दी शिवून मिळते. ओळखपत्र छापून मिळतं. गाडीच्या काचेवर ‘पोलीस’ लिहायला कुणाची परवानगी विचारली जात नाही. व्हॉट्सॲपच्या फोटोत अशोकस्तंभ लावता येतो आणि ट्रूकॉलरवर नावही हवं ते दाखवता येतं. थोडक्यात, समोरच्याने स्वतःबरोबर आणलेली कुठलीही वस्तू ही त्याची ओळख नव्हे. त्याने दिलेला ‘साहेबांचा नंबर’ सुद्धा नाही, कारण त्या नंबरावर त्याचाच साथीदार बसलेला असतो.

तुम्ही स्वतः लावलेल्या फोनवर जी खात्री होते, तीच खरी. म्हणून पुढचं काम आजच करा.

फोनमध्ये हे नंबर नावासह सेव्ह करा:
- 112: पोलीस, तातडीची मदत
- 1930: ऑनलाइन पैसे गेले तर
- 1912: महावितरण
- तुमच्या हद्दीतल्या पोलीस ठाण्याचा नंबर

शेवटच्या नंबरावर बहुतेकांचं अडतं, कारण आपलं घर कुठल्या ठाण्याच्या हद्दीत येतं हेच माहीत नसतं. शहरात पंचवटी, आडगाव, म्हसरूळ, भद्रकाली, सरकारवाडा, मुंबई नाका, गंगापूर, इंदिरानगर, अंबड, सातपूर, उपनगर, नाशिकरोड, देवळाली कॅम्प अशी ठाणी आहेत. त्यांच्या हद्दी आपल्या पत्त्यातल्या नावांशी जुळतीलच असं नाही. गंगापूर रोडला राहणारा माणूस कुठल्या टोकाला राहतो त्यावर त्याचं ठाणं ठरतं. भाडेकरूची माहिती द्यायला जाल तेव्हाच हद्द विचारून घ्या, ठाणे अंमलदाराच्या टेबलावरचा लँडलाइन नंबर लिहून घ्या आणि घरातल्या सगळ्यांच्या फोनमध्ये टाका. त्र्यंबकेश्वर, सिन्नर, निफाडकडे राहत असाल तर तो भाग नाशिक ग्रामीण पोलिसांकडे येतो, शहराच्या आयुक्तालयाकडे नाही.

या शहरात एक वेगळी अडचणही आहे. महाराष्ट्र पोलीस अकादमी इथे, देवळालीत तोफखान्याचं प्रशिक्षण केंद्र इथे. वर्दीतली, बारीक केस कापलेली माणसं रोज दिसतात, त्यामुळे डोळा सरावतो आणि प्रश्न विचारायचं सुचत नाही. त्यात 2027 चा सिंहस्थ कुंभमेळा आहे. रामकुंड, पंचवटी, तपोवन परिसरात बाहेरच्या जिल्ह्यांतून बंदोबस्त येतो, होमगार्ड आणि स्वयंसेवक असतात, ओळखीचा चेहरा एकही नसतो. या काळात वरचा नियम दुप्पट कडक पाळा.

2. रस्त्यावर: ‘पुढे चेकिंग चालू आहे, दागिने काढून ठेवा’

ही सगळ्यात जुनी आणि अजूनही सगळ्यात जास्त चालणारी पद्धत. ‘पोलीस असल्याची बतावणी करून’ अशी बातमी पेपरात वाचता ना, तीच.

मोटारसायकलवर दोघे येतात. वर्दी बहुधा नसतेच. इस्त्रीचा शर्ट, खाकी पँट किंवा तपकिरी बूट आणि आवाजातला दरारा एवढं पुरतं. आत्या सकाळी कृषीनगरच्या जॉगिंग ट्रॅकवरून परतत होती. एकाने हाक मारून थांबवलं आणि पहिलं वाक्यच रागावून बोलला, ‘आजी, काल पुढच्या गल्लीत एका बाईला सुरा मारून सोनं नेलंय. पेपर वाचत नाही का तुम्ही?’ आत्याने आयुष्यभर शाळेत मुलांना शिकवलं, तिला कुणी रागावलेलं माहीतच नाही. ती गडबडली. तेवढ्यात तिसरा एक माणूस चालत आला. त्यालाही त्यांनी थांबवलं, झापलं. त्याने मुकाट्याने गळ्यातली चेन काढली, कागदात बांधून घेतली आणि ‘थँक्यू साहेब’ म्हणून निघून गेला. तो त्यांचाच माणूस होता. आत्याचा जो काही संशय होता, तो या तिसऱ्यामुळे संपला.

तिने गंठण काढलं. पाटल्या निघेनात, तेव्हा तो म्हणाला, ‘घाई करू नका आजी, हात सोलेल.’ आत्या आजही हे वाक्य सांगते, कारण त्या क्षणी तिला तो चांगल्या घरातला मुलगा वाटला. त्याने सगळं वर्तमानपत्राच्या कागदात गुंडाळलं, वर रुमाल बांधला, स्वतःच्या हाताने तिच्या पिशवीत ठेवला आणि बजावलं, ‘घरी जाऊनच सोडा.’ घरी रुमाल सोडला तर आत दोन प्लास्टिकच्या बांगड्या आणि खडी.

यात शिकण्यासारखं बरंच आहे. वर्दी नव्हती, तरी काम झालं. काम झालं ते ओरडण्याने, मग काळजीने आणि तिसऱ्या माणसाच्या आज्ञाधारकपणाने. म्हणून घरच्या ज्येष्ठांना ‘सावध राहा’ एवढंच सांगू नका, त्याने काही होत नाही. त्यांच्याकडून पुढची वाक्यं मोठ्याने म्हणून घ्या:

‘मी दागिने काढणार नाही. पोलीस ठाण्यात चला, तिथे काढते.’

‘थांबा, मी 112 ला फोन लावते, त्यांच्याशी बोला.’

आणि फोन खरोखर कानाला लावायचा, मोठ्याने बोलायचं, बोलता बोलता जवळच्या दुकानाकडे, चहाच्या टपरीकडे, वॉचमनकडे चालू लागायचं. तोतयाला वेळ आणि माणसं या दोन्ही गोष्टी नको असतात. खरा पोलीस असेल तर त्याला 112 चा फोन अडचणीचा नाही.

एक गोष्ट अगदी ठाम लक्षात ठेवा. दागिने काढून रुमालात बांधून देणं हे पोलिसांचं काम नाही. पोलिसांनी तुमची एखादी वस्तू ताब्यात घेतली तर तिची लेखी नोंद होते, पंच असतात, सह्या होतात. बाईची अंगझडती फक्त बाईच घेऊ शकते. रस्त्याच्या कडेला, कागदाच्या पुडीत, तोंडी असं काहीही होत नाही.

याच पद्धतीची दुसरी रूपंही आहेत. ‘मंत्री येणार आहेत’, ‘दंगल झाली आहे’, ‘गांजाची तपासणी आहे, पिशवी दाखवा’. पुरुषांनाही थांबवतात. अंगठी, गोफ, बँकेतून नुकतीच काढलेली रोकड, काहीही चालतं. निमित्त बदलतं, पुडी तीच.

3. एकांताच्या जागी: विद्यार्थ्यांसाठी

गंगापूर धरणाचं बॅकवॉटर, पांडवलेणीचा पायथा, सोमेश्वरच्या पुढचा नदीकाठ अशा जागी बसलेल्या जोडप्यांना ‘पोलीस आहे, आईवडिलांना फोन लावू का’ म्हणत धमकावणारे भेटतात. पैसे किंवा मोबाइल मागतात आणि मुलीशी घाणेरडं बोलतात. बदनामीच्या भीतीने मुलं तक्रार करत नाहीत, यावरच त्यांचा धंदा चालतो.

दोन सज्ञान माणसांनी सार्वजनिक जागी नुसतं बसणं हा गुन्हा नाही. मुलीला वेगळं बाजूला न्यायला अजिबात मान्यता देऊ नका. ‘ठाण्यात चला, आम्ही आमच्या गाडीने येतो’ म्हणा आणि 112 लावा. त्याच्या गाडीवर बसू नका. पैसे दिलेच असतील, तरी नंतर तक्रार करा. गुन्हा त्याने केला आहे, तुम्ही नाही.

4. गाडी अडवली तर

मोटार वाहन कायद्याच्या कलम 130 प्रमाणे सार्वजनिक रस्त्यावर चालकाकडे परवाना मागण्याचा अधिकार गणवेशातल्या पोलीस अधिकाऱ्याला आहे. साध्या कपड्यातला कुणी ‘लायसन दाखव’ म्हणाला तर नम्रपणे गणवेशातल्या पोलिसाला बोलवायला सांगा. कागदपत्रं डिजिलॉकर किंवा एमपरिवहन या सरकारी ॲपमधली दाखवली तरी चालतात, मूळ कागद बरोबर घेऊन फिरायची गरज नाही.

दंड जागेवरच भरायची सक्ती नाही. ई-चलान घ्या. नंतर महाट्रॅफिकच्या सरकारी संकेतस्थळावर गाडीचा नंबर आणि चासी किंवा इंजिन क्रमांकाचे शेवटचे चार आकडे टाकले की दंड खरा आहे की नाही ते दिसतं. कुणी स्वतःच्या मोबाइलवरचा क्यूआर कोड पुढे करत असेल तर पैसे देऊ नका.

व्हॉट्सॲपवर ‘आरटीओ चलान’ नावाची एपीके फाइल (फोनमध्ये ॲप बसवणारी फाइल) आली तर उघडू नका. आरटीओ अशी फाइल पाठवत नाही. ती उघडून इन्स्टॉल केली की फोनचा ताबा दुसऱ्याकडे जातो, ओटीपीचे मेसेजही तोच वाचतो.

5. दारात कुणी आलं तर

खरे पोलीस घरी येतात, हे आधी मान्य करा. पासपोर्टसाठी, समन्स द्यायला, शेजारच्या चोरीची चौकशी करायला ते येतात. तेव्हा प्रत्येकाला तोतया समजून दार आपटायचं नाही. सेफ्टी डोअर लावलेलं ठेवून बोलायचं.

अ) नाव, हुद्दा किंवा बक्कल नंबर आणि ठाणं विचारा. ओळखपत्र जाळीतून हातात घ्या, वाचा, लिहून घ्या. लांबून झळकवून खिशात घातलेलं ओळखपत्र पाहिलं असं धरू नका.

आ) ‘दोन मिनिटं थांबा’ म्हणा आणि आपल्या जवळच्या नंबरावर ठाण्यात फोन करा. ‘या नावाचे तुमचे कर्मचारी आमच्याकडे आले आहेत का?’ एवढाच प्रश्न.

इ) ठाणं दुसऱ्या गावाचं सांगत असेल तर 112 ला कळवा. दुसऱ्या जिल्ह्याचे किंवा राज्याचे पोलीस आले तर सहसा स्थानिक ठाण्याला कळवून येतात, त्यामुळे तुमच्या ठाण्यातही विचारा.

ई) पासपोर्टच्या पडताळणीसाठी पोलिसांना वेगळी फी नसते. अर्जाबरोबर भरलेल्या पैशात सगळं येतं.

घराची झडती घ्यायची म्हणाले तर? 1 जुलै 2024 पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता लागू आहे. तिच्या कलम 105 प्रमाणे झडती आणि जप्तीचं दृक्श्राव्य चित्रीकरण करावं लागतं. परिसरातले दोन पंच हवेत आणि जप्त वस्तूंची यादी करून तिची प्रत द्यावी लागते. शेजाऱ्यांना हाक मारण्याचा तुम्हाला पूर्ण हक्क आहे. ‘शेजाऱ्यांना बोलवू नका, बदनामी होईल’ असं जो म्हणेल, त्याचा संशय घ्या.

अटक करायची म्हणाले तर कलम 36 प्रमाणे अधिकाऱ्याच्या नावाची पट्टी स्पष्ट दिसायला हवी, अटकेचा मेमो करावा लागतो आणि त्यावर घरच्याची किंवा परिसरातल्या प्रतिष्ठित व्यक्तीची साक्षीदार म्हणून सही लागते. अपवादात्मक परिस्थिती सोडली तर सूर्यास्तानंतर आणि सूर्योदयाआधी बाईला अटक करता येत नाही. अपवाद असेल तेव्हाही महिला पोलीस अधिकारी आणि न्यायदंडाधिकाऱ्याची आधी घेतलेली परवानगी लागते. केवळ साक्षीदार म्हणून चौकशी असेल तर स्त्रियांना आणि 60 वर्षांवरच्या पुरुषांना घराबाहेर बोलावता येत नाही, जबाब घरी येऊन घ्यायचा असतो (कलम 179).

वीज, गॅस, पाणी मीटर, महापालिका यांच्या नावाने येणाऱ्यांनाही हीच पद्धत. ‘आज रात्री साडेनऊला वीज तोडणार, या अधिकाऱ्याला फोन करा’ असा वैयक्तिक मोबाइल नंबरावरून मेसेज आला तर त्या नंबरावर फोन करू नका, 1912 वर विचारा.

दुकानदारांसाठी एवढंच सांगते: आयकर विभागाच्या पत्रावर डीआयएन हा दस्तऐवज क्रमांक असतो आणि तो ई-फायलिंगच्या संकेतस्थळावर लॉगिन न करताही तपासता येतो. मार्च 1987 मध्ये मुंबईत ऑपेरा हाऊसजवळच्या एका नामांकित सराफी पेढीवर सीबीआयच्या नावाने बनावट छापा पडला होता. सूत्रधाराने पेपरात जाहिरात देऊन, मुलाखती घेऊन माणसं भरली होती आणि त्या बिचाऱ्यांना आपण खरेच सरकारी अधिकारी झालो असं वाटत होतं. म्हणून छाप्याला आलेल्यांचा आत्मविश्वास पाहून खात्री पटवून घेऊ नका. नोकरी शोधणाऱ्या मुलांनीही हे लक्षात ठेवावं. परीक्षा नाही, सरकारी जाहिरात नाही, नुसती मुलाखत आणि थेट ओळखपत्र, असं सरकारी खात्यात होत नाही.

6. फोनवर: ‘डिजिटल अरेस्ट’

आत्याच्या वेळी माणूस समोर तरी होता. आता तो कॅमेऱ्यातून येतो आणि आयुष्यभराची बचत नेतो. मला सगळ्यात जास्त काळजी याची वाटते, कारण बळी पडतात ती शिकलेली, नियम पाळणारी, कधी ठाण्याची पायरी न चढलेली माणसं.

क्रम जवळपास ठरलेला असतो. आधी फोन येतो की तुमच्या नावाच्या पार्सलमध्ये अमली पदार्थ सापडले, किंवा तुमच्या आधारवर घेतलेल्या सिमवरून गुन्हा झाला. मग ‘क्राइम ब्रँच’ला जोडतात. व्हिडिओ कॉलवर वर्दीतला माणूस, मागे ठाण्यासारखी भिंत, बाजूला झेंडा. मग सर्वोच्च न्यायालयाच्या शिक्क्याचा कागद. मग हुकूम: कॅमेरा बंद करायचा नाही, खोलीबाहेर जायचं नाही, घरात कुणाला सांगायचं नाही. शेवटी ‘तपासणीसाठी’ मुदत ठेव मोडून आरटीजीएस करायला लावतात आणि बँकेत विचारलं तर काय उत्तर द्यायचं तेही पढवतात.

यावर हे पाठ करा:

भारताच्या कुठल्याही कायद्यात ‘डिजिटल अरेस्ट’ नावाचा प्रकार नाही. 27 ऑक्टोबर 2024 च्या ‘मन की बात’मध्ये पंतप्रधानांनीही हेच सांगितलं आहे.

पोलीस, सीबीआय, ईडी किंवा न्यायालय व्हिडिओ कॉलवर अटक करत नाही आणि पडताळणीसाठी पैसे कुठल्याही खात्यात भरायला सांगत नाही.

नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 35 ची हजर राहण्याची नोटीस पोलिसांना व्हॉट्सॲपवर बजावता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2025 मध्ये स्पष्ट केलं आहे.

‘घरात सांगू नका’ हे वाक्य ऐकलं की फोन ठेवायचा. नुसता ठेवायचा, उत्तर देत बसायचं नाही. मग घरातल्या माणसाला हाक मारायची. एकटे राहत असाल तर शेजाऱ्याचं दार वाजवायचं. हा एक उपाय बाकी सगळ्यांहून भारी आहे, कारण या सापळ्याचा सगळा जोर माणसाला एकटं ठेवण्यावर असतो.

मुलं पुण्या-मुंबईला किंवा परदेशात आणि आईवडील इथे, अशी घरं कॉलेज रोड, गंगापूर रोड, इंदिरानगर भागात पुष्कळ आहेत. अशा घरांनी आजच एक ठरवून टाका: मोठी रक्कम हलवायची तर आधी मुलाला किंवा मुलीला फोन, कारण काहीही असो. बँकेतल्या ओळखीच्या कर्मचाऱ्यालाही हे सांगून ठेवा.

7. ‘देवळाली कॅम्पमधून फौजी बोलतोय’

घर भाड्याने द्यायची, जुनी गाडी विकायची जाहिरात टाकली, किंवा तुमची खाणावळ, केटरिंग असेल, तर हा फोन येऊ शकतो. बदली होऊन देवळालीला येतोय, भाडं आगाऊ देतो, किंवा पन्नास जणांचं जेवण हवंय. लगेच लष्करी ओळखपत्र, कँटीन कार्ड, वर्दीतला फोटो पाठवतो. घर बघायला मात्र येत नाही. मग म्हणतो, ‘आर्मीची पेमेंट पद्धत वेगळी आहे, मी कोड पाठवतो तो स्कॅन करा, पैसे जमा होतील.’

पैसे घेण्यासाठी क्यूआर स्कॅन करावा लागत नाही आणि यूपीआय पिन टाकावा लागत नाही. पिन टाकला की पैसे जातात. खऱ्या जवानांविषयी आपल्याला आदर आहे, तो तसाच राहू द्या. व्यवहार मात्र समोरासमोर, घर दाखवून, भाडेकरार करून.

8. फसवणूक झाली तर पहिला तास

ऑनलाइन पैसे गेले असतील तर सगळ्यात आधी 1930. ठाण्यात जायच्या आधी, नातेवाइकांना सांगायच्याही आधी. पैसे एका खात्यातून दुसऱ्यात, तिसऱ्यात पळवले जातात. तुमचा फोन जितका लवकर, तितकी रक्कम मध्येच गोठवली जाण्याची शक्यता जास्त. फोन करताना जवळ ठेवा:
- तुमचा बँक खाते क्रमांक किंवा यूपीआय आयडी
- व्यवहाराचा यूटीआर किंवा ट्रान्झॅक्शन क्रमांक
- रक्कम, तारीख, वेळ
- ज्या खात्यात किंवा नंबरावर पैसे गेले तो तपशील
- कॉल आणि चॅटचे स्क्रीनशॉट

चॅट पुसू नका, ॲप काढून टाकू नका. राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवरही तक्रार नोंदवा, तिचा क्रमांक जपून ठेवा आणि बँकेला लेखी कळवा. ‘तुमचे पैसे परत मिळवून देतो’ म्हणून नंतर येणारा फोन बहुतेक वेळा त्याच टोळीचा किंवा तिच्या भावकीचा असतो.

दागिने रस्त्यावर गेले असतील तर 112 ला तिथूनच फोन करा. गाडीचा रंग, नंबराचे आठवतील तेवढे आकडे, कुठल्या दिशेने गेले ते सांगा. पुडीतला कागद, रुमाल, खडी हाताळू नका, दुसऱ्या पिशवीत घाला. तो पुरावा आहे. आमच्याकडे घरच्यांनी तो रुमाल सगळ्यांना दाखवत हातोहात फिरवला होता.

त्याच दिवशी आजूबाजूच्या दुकानांच्या आणि सोसायट्यांच्या सीसीटीव्हीची विनंती करा. जुनं चित्रण काही दिवसांत आपोआप पुसलं जातं. चित्रण स्वतः मागून वाद घालण्यापेक्षा कुठे कुठे कॅमेरा आहे त्याची यादी करून पोलिसांना द्या.

9. फिर्याद देताना

बरोबर न्यायचं: आधार किंवा दुसरं ओळखपत्र, दागिन्यांच्या पावत्या, पावत्या नसतील तर लग्नकार्यातले ते दागिने घातलेले फोटो, अंदाजे वजन, घटनेची वेळ आणि जागा कागदावर लिहून, एक घरचं माणूस. आत्याकडे गंठणाची पावती नव्हती. ज्या सराफाकडून ते घडवलं होतं त्याच्या जुन्या वहीत नोंद सापडली आणि त्याने वजनासह लिहून दिलं. सराफ बाजारातल्या जुन्या पेढ्यांकडे अशा नोंदी असतात, विचारून पाहा.

इथे तीन ठिकाणी माणूस अडकतो.

पहिलं, ‘ही आमची हद्द नाही’. आम्हालाही एका ठाण्यातून दुसरीकडे पाठवलं होतं. नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 173 प्रमाणे हद्द कुठलीही असली तरी गुन्हा नोंदवून घ्यावा लागतो, त्याला झिरो एफआयआर म्हणतात. आवाज न चढवता ‘झिरो एफआयआर घ्या’ एवढं म्हणा. तक्रार इलेक्ट्रॉनिक मार्गानेही देता येते, मात्र तीन दिवसांत जाऊन सही करावी लागते.

दुसरं, ‘ऑनलाइन गहाळची नोंद करा’. गहाळची नोंद हरवलेल्या वस्तूंसाठी असते. तुमचे दागिने हरवलेले नाहीत. गहाळची नोंद केली तर तपास होत नाही. अदखलपात्र म्हणजे एनसीच्या नोंदीवरही थांबू नका, तिचा तपास पोलीस न्यायालयाच्या परवानगीशिवाय करत नाहीत.

तिसरं, जबाबाची भाषा. कलमं कुठली लावायची ते पोलीस बघतील. भारतीय न्याय संहितेत लोकसेवक असल्याची बतावणी करण्यासाठी कलम 204 आहे, किमान सहा महिने ते तीन वर्षं शिक्षा. लोकसेवकाचा पोशाख वापरण्यासाठी 205, फसवणुकीसाठी 318, तोतयेगिरी करून फसवण्यासाठी 319. तुम्ही बघायचं ते इतकंच, की ‘पोलीस असल्याचे सांगितले म्हणून मी दागिने काढून दिले’ हे वाक्य जबाबात आलं आहे. ते वगळून ‘दागिने दिले’ एवढंच लिहिलं गेलं तर अर्थ बदलतो. सही करण्याआधी जबाब पूर्ण वाचा. चष्मा विसरला असेल तर वाचून दाखवायला सांगा.

एफआयआरची प्रत मोफत मिळते, ती घेतल्याशिवाय उठू नका. नोंदवूनच घेत नसतील तर वरिष्ठांकडे लेखी तक्रार पाठवा, शहरात आयुक्तालयात, ग्रामीण भागात पोलीस अधीक्षकांकडे. तपास कुठवर आला हे 90 दिवसांच्या आत फिर्यादीला कळवणं आता पोलिसांवर बंधनकारक आहे. त्यामुळे ‘काय झालं’ विचारायला जाताना संकोच नको.

एक विनंती घरच्यांना. जबाब चालू असताना ‘तू दिलेसच कसे?’ हे कुणी म्हणू नका. आत्याने त्या प्रश्नामुळे पहिल्या दिवशी पाटल्यांचा उल्लेखच केला नाही. नंतर पुरवणी जबाब द्यावा लागला.

10. आरोपी सापडला तर: ओळख आणि मुद्देमाल

सापडल्यावर ओळख परेडसाठी बोलावणं येऊ शकतं. त्याआधी कुणी व्हॉट्सॲपवर संशयिताचा फोटो दाखवला तर बघू नका, कोर्टात ओळखीला त्यावरून बाधा येते. खात्री नसेल तर ‘खात्री नाही’ म्हणा.

सोनं अनेकदा वितळवून त्याची लगड म्हणजे गोळा केलेला असतो. दागिना तसाच मिळाला तर तुमच्या फोटोशी आणि वजनाशी ताडून बघतात. हा मुद्देमाल पोलीस परस्पर परत देऊ शकत नाहीत, न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करावा लागतो. शहरातल्या बहुतेक गुन्ह्यांसाठी सीबीएस म्हणजे मध्यवर्ती बस स्थानकाजवळच्या जिल्हा न्यायालयात जावं लागतं. अर्जासोबत एफआयआरची प्रत, ओळखपत्र, पावती किंवा सराफाचं पत्र, फोटो जोडा. वकील लावायची ऐपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय त्याच आवारात आहे. स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता तिथे मोफत वकील मिळतो, हे फार थोड्यांना माहीत असतं.

न्यायालय सुपूर्दनाम्यावर म्हणजे बंधपत्रावर सोनं देतं. त्याच्या अटी घरी आल्यावर पुन्हा एकदा वाचा. खटला संपेपर्यंत ते विकायचं नाही, मोडायचं नाही, रूप बदलायचं नाही, बोलावलं की कोर्टात हजर करायचं. आत्याला लगडीची लगेच नवी पाटली करून घ्यायची होती, पण खटला चालू असेपर्यंत ती लगड बँकेच्या लॉकरमध्येच ठेवावी लागते.